सात महिने काही होत नाही

३ जून, सकाळी ७
आजपासून घर असमानतेवर चालणार. 'जमा बरोबर खर्च' मांडणारे महिनाअखेरीस तोंडघशी पडतात. आपण 'पेक्षा कमी, पेक्षा जास्त'वाले. वीस वर्षं नववीला शाब्दिक उदाहरणं शिकवतोय, घरातलं एक सुटू नये?
उदाहरण : आईच्या पलंगाच्या वर, छताच्या स्लॅबला ३ मिलिमीटर तडा. महिन्याला दीड वाढतो. गवंडी म्हणतो, तडा नऊला पोचला की स्लॅब खाली येईल, तोवर आजींना तिथं झोपवू नका. दुरुस्तीचा खर्च तीस हजार. शिल्लक सहा. दरमहा चार वाचतील.

सकाळी ९
n म्हणजे महिने. ६००० + ४०००n ≥ ३००००. म्हणजे n किमान ६.
३ + १.५n < ९. म्हणजे n चारपेक्षा कमी.
दोन्ही एकदम जमेना. गवंड्याने उदाहरणच चुकीचं घातलंय.

४ जून
बायकोचं म्हणणं, तुमची अभ्यासाची खोली रिकामी करा, आईंना तिकडे हलवू. तिथे माझा फळा आहे. फळ्याशिवाय हे गणित सुटणार कुठे? बायकांना पुढचा विचार नसतो.

९ जून, संध्याकाळी
सुटलं! तडे सुरुवातीला जोरात वाढतात, मग दमतात. माणसांसारखंच. दर ०.८ धरला. n साडेसातपेक्षा कमी. सहा चालतो, सातही चालतो. आईला सांगितलं, सात महिने काही होत नाही. तिने पाठीवरून हात फिरवला.

२२ जून
तडा मोजायचं डिजिटल यंत्र घेतलं. साडेतीन हजार. हा खर्च नव्हे, गुंतवणूक. n आता किमान ७. तरी अर्धा महिना हातात राहतो. बायको दोन दिवस बोललेली नाही. शांतता बरी वाटते.

८ जुलै
हेच उदाहरण नववीला चाचणीत घातलं, गवंड्याचे आकडे ठेवून. अख्ख्या वर्गाचं उत्तर, 'उकल नाही'. सगळ्यांचा अर्धा अर्धा गुण कापला. एकीने विचारलं, सर, त्या खोलीत कोण झोपतं? म्हटलं, उत्तराशी संबंध नसलेली माहिती विचारू नये.

३ ऑगस्ट
यंत्र ६ दाखवतंय. माझ्या हिशेबाने ४.६ हवे. नवीन यंत्र आहे, रुळायला वेळ लागेल.

१९ ऑगस्ट
आईच्या चहात चुना पडला. तिने चमच्याने काढला आणि प्यायली. बायकोने चिडून पलंग माझ्या खोलीच्या दाराशी ओढत आणला. आईनेच परत न्यायला लावला. त्याच्या कामात अडचण नको, म्हणाली. ऊर भरून आला. घरात एक तरी माणूस गणित समजणारं आहे.

५ सप्टेंबर
मोजणं बंद. शिडी लावली की घरात उगाच घबराट होते.

२० सप्टेंबर
छतातून बारीक कुरकुर ऐकू येते. दुपारी जास्त. आई शेजारणीला सांगत होती, घाबरायचं नाही, मुलाने मांडून ठेवलंय, सात महिने काही होत नाही. शेजारीण वर बघत बघत उठली आणि चहा न घेताच गेली.

१ ऑक्टोबर, दुपारी ४. हॉस्पिटल
अडीचला स्लॅब खाली आला. आई पलंगावरच होती. खुब्याचं हाड आणि तीन बरगड्या. मी अभ्यासाच्या खोलीत फळा पुसत होतो.
n चारपेक्षा कमी. म्हणजे माझी पहिली मांडणी अचूक होती. नोंद असावी.

संध्याकाळी ६
अनामत तीस हजार मागितली. मेहुण्याने पंधरा आणले, हेडमास्तरांनी बारा, गवंड्यानेसुद्धा तीन काढून दिले. दीड तासात जमले. असमानता मांडायला वेळच मिळाला नाही. बायको समोरच्या बाकावर बसलीय, माझ्याकडे बघत नाही.

७.१०
आई शुद्धीवर आली. हळू आवाजात विचारत होती, सात महिने झाले का रे? मला चारच वाटत होते, मोजण्यात माझंच चुकलं असेल.
मी हो म्हटलं.