नव्या मीटरची साक्ष

१२ जानेवारी
तोंड कुठे लपवू असं झालंय! वाढीव वीजबिलाच्या तक्रारीची आज ग्राहक मंचापुढे पहिली सुनावणी — आणि गाडी शिकवताना कुणी ब्रेकऐवजी अ‍ॅक्सिलरेटर दाबला की मी जसा ओरडतो, तसा भर सुनावणीत ओरडलो. कंपनीची इंजिनिअर बाई सांगत होती, मीटर मी स्वतः तपासलंय, ठीक आहे. मी म्हटलं, "मीटर तुमचं, तपासणाऱ्या तुम्ही, खोटं बोलायचा पगार मिळतो का?" बाई लालबुंद. "एवढं तोंड घरी वाजवा! घरात काय काय चालतं ते आधी बघा!" अध्यक्षांनी टेबलावर हात आपटला.

माझ्या घरात! मी दिवे मालवत फिरतो म्हणून बायको मला बटणराव म्हणते! पण मुलीच्या वयाच्या बाईला चारचौघांत खोटारडी म्हटलं, ते काही बरं केलं नाही.

अध्यक्षांनी मार्ग काढला — नवं मीटर बसवायचं, दोन महिने वापर बघायचा, मग निकाल.

१५ जानेवारी
मीटर बसलं. जेवताना सगळ्यांना बजावलं, आता हाच माझा साक्षीदार! आईचा घास हातातच राहिला. "म्हणजे घरातलं सगळं त्यात कळतं का रे?" म्हटलं, सगळं!

२ फेब्रुवारी
थंडी हटायला तयार नाही. आई दोन स्वेटर घालून, पाय पोटाशी घेऊन बसते. खोकतेही. डॉक्टरांकडे चल म्हटलं, तर "काही नको, वयच आहे." मीटर मात्र गोगलगायीच्या चालीने चाललंय. येता-जाता बघतो आणि खूश होतो.

२० मार्च
जिंकलो. वापर निम्म्यावर आला, म्हणजे जुनं मीटरच पळत होतं — असा निकाल. बाईंच्या अहवालावर विश्वास ठेवता येत नाही, कंपनीने त्यांची चौकशी करावी. बाई शेवटच्या खुर्चीत मान खाली घालून. जिन्यात एवढंच म्हणाली, "मी दोनदा तपासलं होतं हो." मी ऐकू न आल्यासारखं केलं.

कॉलर ताठ करून घरी आलो. आई दारातच उभी.

"संपली ना केस?"

"संपली! जिंकलो!"

"मग आता थोडा वेळ हीटर लावू का रे? अंगातली थंडी अजून जात नाही."

कुठला हीटर?!

तिच्या पलंगाखालून निघाला. थंडी सुरू झाली तेव्हा ताईने आणून दिलेला. आम्ही दोघं कामावर गेलो की लावायची, मी यायच्या आत गार करून परत आत ढकलायची. नवं मीटर बसल्यापासून हात लावला नाही. माझ्या साक्षीदारापुढे मला खोटं पाडायचं नव्हतं तिला!

बायकोला माहीत होतं. "मग सांगितलं का नाहीस?" तर म्हणाली, "तुम्हाला? एक दिवा राहिला तरी घर डोक्यावर घेता! आणि तो एवढी वीज खातो हे मला काय माहीत?"

मला मात्र माहीत असायला हवं होतं की ती गारठतेय. समोर बसायची रोज.

२३ मार्च
हीटर चालू आहे. आई पाय शेकते आणि मधूनच माझ्याकडे बघते, रागावलोय का म्हणून.

मंचाकडे जाऊन खरं सांगायला हवं. पण रस्त्यात लोक थांबवतात, कंपनीला कसं नमवलंत? आणि मी सांगतो! रंगवून सांगतो! किळस येते स्वतःची.

२६ मार्च
बिल भरायला रांगेत होतो. नंबर जवळ आला तेव्हा खिडकीत बघितलं — तीच बाई! मागचा माणूस म्हणाला, चौकशी संपेपर्यंत इथे बसवलंय, तपासणीचं काम काढून घेतलं. शेपूट घालून रांगेतून पळालो.

घरी सगळं सांगितलं. बायकोने विचारलं, "कधी जाणार मंचाकडे?" म्हटलं, बघू. आईने हीटर बंद केला आणि आत गेली.

२७ मार्च
गेलो नाही. वर्ग होते. (वर्ग सकाळीच संपले.)

३० मार्च
आज गेलो एकदाचा. तोंड उघडायच्या आत मंचाचा कारकून म्हणाला, "तुमच्या आई कालच येऊन गेल्या. हीटर घेऊनच आल्या होत्या. म्हणाल्या, मुलाला यातलं काही माहीत नाही, मीच त्याला चोरून वीज वापरली, त्या पोरीला तिचं काम परत द्या."

कोपऱ्यात हीटर होता, आमच्या बाजाराच्या पिशवीत. "घेऊन जा म्हटलं, तर नको म्हणाल्या."

घरी आलो. आई दोन स्वेटर घालून बसली होती.