खांद्यावरचा हात

अहो,

मालिका संपली. तुमचं पात्र मारल्यावर त्यांनी सेटवरच्या भिंतीला टांगलेला तुमचा फोटो परवा घरी आला. मालिकेत मेलात आणि महिन्याभरात खरंच गेलात.

जन्मभर सिनेमात कडेकडेने उभे राहिलात. मधोमध, तोंडभर हसताना दिसता ते फक्त याच फोटोत. म्हणून हाच हॉलमध्ये लावला. पण खांद्यावर मालिकेतल्या बायकोचा हात आहे. त्या मेलीला कापून काढलं. हात मात्र राहिला; तो कापला तर तुमचा खांदा जातो.

लेक म्हणाली, "आई, अभिनय होता गं तो."

मग तेवढा घरी का नाही केलात कधी?

आज काच पुसताना त्या हातावर मी माझा हात ठेवला. तुमचं हसू मावळलं. काढून घेतला, तसं परत आलं.

तुमची,
घरातली