सुपारी फुटली तेव्हा

सोलापूर,
रविवार, १७ नोव्हेंबर २०२४

तीर्थस्वरूप सयाजीदादास,
उत्कर्षाचा शिरसाष्टांग नमस्कार.

मी खुशाल आहे. वहिनीचे गुडघे कसे आहेत? तिनं दिलेली शेंगाचटणी संपत आली, हे तिला मुद्दाम सांग. श्रीपूरला कारखाना सुरू झाला असेल, म्हणजे तू घरी फक्त जेवायला येत असशील. फोनवर तू "बरं, बरं" म्हणून ठेवून देतोस, शिवाय स्पीकर लावतोस आणि सगळं घर ऐकतं. म्हणून पत्र. एकट्यानं वाच.

कॉलेजात सध्या एम.ए.च्या पोरींना क्वेकर पंथ शिकवतेय. ख्रिस्ती, इंग्लंडातला, साडेतीनशे वर्षांपूर्वीचा. सोलापुरात बसून ही कुणाच्या उठाठेवी करते, असं म्हणशील. पण ऐक. त्यांच्या सभेत पुजारी नसायचा. सगळे गप्प बसायचे आणि ज्याला आतून वाटेल तो उठून बोलायचा. चर्चमध्ये बाईनं तोंड उघडू नये अशा त्या काळात तिथं बायकाही उठायच्या. मार्गारेट फेल म्हणून एक होती, आठ लेकरांची आई. राजनिष्ठेची शपथ घ्यायला नकार दिला म्हणून चार वर्षं तुरुंगात पडली आणि तिथं बसून तिनं लिहून काढलं की बाईला बोलायचा हक्क देवानंच दिलाय. मेरी फिशर तर कुणाच्या घरची मोलकरीण. ती मजल दरमजल करत तुर्कांच्या सुलतानापुढं जाऊन उभी राहिली, आणि त्यानं तिचं सगळं ऐकून घेतलं म्हणतात. मला मेरी जास्त आवडते.

हे तुला का सांगतेय, माझं मलाच नीट कळत नाहीये.

गेल्या रविवारचं बोलायचंय. तुझ्या अंकिताची सुपारी फुटली त्या दिवसाचं. बाहेर तू, पाहुणे आणि भावकी, आत आम्ही बायका. आपल्या रीतीप्रमाणे तू मला दारात बोलावलंस आणि आतलं काय म्हणणं आहे ते विचारून यायला सांगितलंस. मी आत जाऊन अंकिताला विचारलं. ती बोलली नाही. आता हसू नकोस, मी थांबले. डोक्यात क्वेकरांची तीच सभा होती. वाटलं, पोरगी शब्द जुळवतेय, आता उठेल, बोलेल. मी थांबले म्हणून भीमाकाकीसकट सगळ्या बायका थांबल्या. पाच मिनिटं तरी गेली असतील. मग दारात येऊन मी तुला जे खरं होतं तेच सांगितलं, की आत सगळ्या गप्प आहेत.

तू म्हणालास, "मग होकारच की. फोडा सुपारी."

तुझं चुकलं असं मी म्हणत नाही. आपल्याकडं पोरगी गप्प राहिली की होकार धरतात. क्वेकरांत गप्प राहणं म्हणजे अजून काही ठरलेलं नाही. मी दोन्हींचा घोळ घालून ठेवला आणि वर जिलेबी खाऊन सोलापूरला आले.

मुलगा चांगला आहे. घरही चांगलं आहे. या दोन वाक्यांच्या पुढं मी चारदा लिहिलं आणि चारदा खोडलं.

दादा, त्या दिवशी सकाळी अंकिता गच्चीवर माझ्याजवळ आली होती. म्हणाली, "आत्या, मला हे लगीन न्हाय करायचं. तू सांग की पप्पांना." मी विचारलं, दुसरं कुणी आहे का? कुणी नाही. मुलात काही खोट? तीही नाही. मग का, म्हटलं, तर म्हणाली, "कारण असलं तरच नको म्हणायचं असतंय का?"  मग मी तिला व्याख्यान दिलं. बाईनं आपलं आपण बोलावं, दुसऱ्यानं बोलून काय उपयोग, वगैरे. मार्गारेटचं नावसुद्धा घेतलं. ती माझ्याकडं बघत राहिली आणि खाली गेली.

आठवडाभर मी स्वतःला विचारतेय, ते तत्त्व होतं की तुझी भीती? एकदा वाटतं, तिच्या वतीनं बोलणारी मी कोण. मग वाटतं, तिनं तर तेवढंच मागितलं होतं. वर्गात त्या बायकांचं बोलायला लागले की अधेमधे माझा धागाच तुटतो.

त्या पंथात पुढं बायकांची वेगळी सभा भरायची. लग्न ठरवलेल्या जोडप्यानं तिच्यापुढं दोनदा यायचं. एकदा विचारून भागायचं नाही.

आणि मला आपली विहीर आठवली. एकवीस वर्षांपूर्वी माझ्यासाठी बार्शीचं स्थळ आलं होतं. तू मला विहिरीवर नेलंस, माझं ऐकू यावं म्हणून चालू मोटार बंद केलीस आणि म्हणालास, "बोल." मी कुठं बोलले? पायानं माती उकरत उभी राहिले. तू बराच वेळ थांबलास. मग घरी येऊन आबांना सांगितलंस, "उत्कर्षाला नको हाय." माझ्या तोंडून एक शब्द न निघता माझं शिक्षण झालं, नोकरी लागली, आणि आता मी पोरींना बोलायला शिकवते. मला लाज वाटते, दादा.

जे मी दारात उभं राहून सांगायला हवं होतं ते आता लिहिते. अंकिताला हे लग्न नको आहे. तिनं मला सांगितलं होतं, आणि मला माहीत असताना मी सुपारी फुटू दिली.

पत्रिका गुरुवारी छापायला जाणार असं वहिनी म्हणत होती. त्याआधी अंकिताला विहिरीवर ने. मोटार बंद कर आणि विचार. ती गप्प राहिली, तर लगेच चालू करू नकोस.

जिच्या वतीनं तू बोलला होतास ती,
तुझी उत्कर्षा