अण्णांची फिल्म

जुळे सोलापूर,
११ फेब्रुवारी २०२५

चि. अभिमन्यूस ताईचे अनेक आशीर्वाद.

इकडे सगळं ठीक. तुझा पुरस्काराचा कार्यक्रम टीव्हीवर बघितला. लेखकांवर, लोककलांवर फिल्म करण्यात उभं आयुष्य गेलं म्हणालास. "गावोगावचे आवाज जपायला हवेत," हेही म्हणालास. शेजारच्या नागूबाईंनी टाळ्या वाजवल्या. मी उठून कुकर बंद करायला गेले.

फोनवर तू घाईत असतोस नि मला रडू येतं, म्हणून हे पत्र.

गेल्या वर्षी त्या कादंबरीकारांच्या फिल्मसाठी तू सोलापुरात आला होतास. ते येईपर्यंत लाइट लावायला म्हणून अण्णांना कादंबरीकारांच्या खुर्चीत बसवलंस. "हितं बघू का रं?" असं विचारून अण्णांनी मांडीवर ताल धरला आणि स्वतः रचलेली सवाल-जवाबाची भेदिक गाणी एकामागून एक म्हटली. तू "वा अण्णा!" म्हणत दिवे सरकवत होतास. त्यांना वाटलं, आपलीच फिल्म झाली. गावी मोहोळला गेले की भेटेल त्याला सांगायचे, "माज्या पोरानं माजी फिल्म काडली की!"

आता खरं लिहिते. तुला "अण्णांना बरं नाही" एवढंच कळवलं होतं. संक्रांतीनंतर त्यांना अर्धांगाचा झटका आला. हात सावरला, वाचा गेली. ती परत येणार नाही म्हणतात डॉक्टर.

अण्णा रोज टीव्हीकडे बोट दाखवतात. म्हणून काल तुझ्या कॅमेरावाल्या अजिंक्यला फोन करून ती फिल्म मागितली. तो म्हणाला, "ताई, तेव्हा रेकॉर्डिंग चालू नव्हतं. आम्ही नुसते लाइट बघत होतो."

तुझा भयंकर राग आला. पण माझ्याही हातात दिवसभर मोबाइल असतोच की! नातवंडांचे ढीगभर व्हिडिओ आहेत त्यात. अण्णा रोज गच्चीत गायचे आणि मी म्हणायचे, आपला अभी करील नीट. तू म्हणायचास, घरचंच आहे, कधीही करू. अण्णांना अक्षरओळख नाही, एक ओळही कागदावर उतरलेली नाही. मला दोन कडवी आठवतात, तीही धड नाहीत. लई वाईट वाटतं रे.

रविवारी ये. कॅमेरा आणू नकोस. त्यांना मी काहीच सांगितलेलं नाही. कालचा माझा फोन ऐकून, तू फिल्म घेऊन येणार असं समजून आज त्यांनी खुणा करून दाढी करून घेतली. समोर बसून तूच सांग त्यांना. मला ते जमायचं नाही.

अण्णांच्या नजरेला नजर देववत नाही अशी,
तुझी विजूताई