राज्यपालबाईंचे मिस्टर

१० डिसेंबर

आज माझी ओटी भरली! भर स्टेजवर, महिला मंडळाच्या साक्षीने.

चूक मैथिलीताईंची नाही. त्या मंडळाच्या सेक्रेटरी, जुन्या वळणाच्या. राज्यपालांच्या घरचं माणूस बोलवायचं म्हणजे बाईच येणार, हे त्यांच्या डोक्यात पक्कं. ‘राज्यपालांच्या सौभाग्यवतींची ओटी’ हे पत्रिकेत छापूनसुद्धा झालं होतं. ताट तयार – खण, नारळ, तांदूळ, साडी. आणि खुर्चीत कोण? तर मी. संयोगिता तिकडे लांबच्या राज्यात राज्यपाल, आणि मी तिचा नवरा, धम्मपाल, आयटीआयचा रिटायर्ड मोटार मेकॅनिकचा मास्तर. जन्माने बौद्ध, ओटीशी संबंध नाही, वर समोरचे दोन दात काढलेले. दातांच्या कामासाठीच तर कोल्हापुरात आलोय.

मैथिलीताई घामाघूम. मी उपरणं पसरलं, म्हटलं, घाला ताई. सभागृह हसून आडवं झालं.

मग साडी कुणाला द्यायची म्हणून पुढच्या रांगेतल्या आशाताईंना, म्हणजे खेड्यांतल्या आरोग्यसेविकांना, विचारलं. चंदगडकडची यल्लव्वा उठली. वय पन्नाशीला टेकलेलं, आवाज खणखणीत. “साडी ऱ्हाऊ दे सर. पाच वाड्या हायत माझ्याकडं. बाळंतीण बघायला जायाचं तर एसटी न्हाईतर पाय. नवरा मोकळा असला तर सोडतोय. तुम्ही मोटारीचं मास्तर न्हवं? मग गाडी शिकवा की.”

एवढ्या बायकांसमोर नाही कसं म्हणणार? हो म्हणून बसलो.

११ डिसेंबर

संयोगिताला फोनवर ओटीचं सांगितलं. इतकी हसली की ठसका लागला. मग म्हणाली, “शिकवा खुशाल. पण सव्वीस जानेवारीला तुम्ही इथं पाहिजे.”

पाहिजेच. त्या संध्याकाळी राजभवनात पाहुण्यांचं स्वागत असतं. तिच्या मागे अर्धं पाऊल उभं राहायचं आणि येणाऱ्या प्रत्येकाचं नाव-गाव तिच्या कानात सांगायचं, हे माझं खातं. तिला नावं लक्षात राहत नाहीत. वकिली करायची तेव्हाही पक्षकारांची नावं मीच सांगायचो. मी नसलो तर तिचं अवघड आहे.

१८ डिसेंबर

माझ्या पदाला पगार नाही, सही नाही, शिक्का नाही. पण फोनवर ‘राज्यपालबाईंचे मिस्टर बोलतोय’ म्हटलं की पलीकडे खुर्ची सरकल्याचा आवाज येतो! एका शोरूमवाल्याने शिकायला दोन जुन्या स्कूटर दिल्या. वर कबूल केलं, जी लायसन काढेल तिला नवी स्कूटर, देणगी म्हणून. चंदगडला शाळेचं मैदान मिळालं. बारा आशाताई तयार झाल्या. सगळ्यांची लर्निंग लायसन्स काढली. आता मुक्काम चंदगडलाच, रेस्ट हाऊसवर.

२२ डिसेंबर

पळालो! स्कूटरची सीट मागून धरून, मैदानभर. बंदोबस्ताचे हवालदार सयाजीराव शिट्टी मारत मागून आले. “सर, तुम्ही पळायचं नाही, प्रोटोकॉलमध्ये बसत न्हाय.” म्हटलं, मग तुम्ही पळा. आता दोघंही पळतो.

२९ डिसेंबर

कंबर धरली. तेल लावून पडलोय.

३ जानेवारी

यल्लव्वा सगळ्यांत तरबेज, आणि सगळ्यांत जास्त पडते तीच. आज कारण कळलं.

झकास चालवत होती. मैदानाकडेच्या वाटेने तिचे थोरले दीर निघाले होते. हिने चालत्या गाडीवर एक हात सोडला आणि पदर डोक्यावर घेतला. गाडी थेट गवताच्या गंजीत.

“हात का सोडला?”

“दीर आलं की.”

“मग?”

“मग काय, उघड्या डोस्क्यानं जाऊ व्हय त्यांच्या म्होरनं?”

मला हसावं का रडावं कळेना. लग्न झाल्यापासूनची सवय, हात आपोआप जातो. आणि पाच वाड्यांत हिला दीर, सासरे, भावकी पावलोपावली भेटणार! तिचा नवरा दादासो कट्ट्यावर बसून बघत होता. “मी म्हटलंतं, ह्ये बायकांचं काम न्हवं.” इतका राग आला की गंजीतली स्कूटर मी एकट्याने ओढून काढली.

६ जानेवारी

पदर आधीच डोक्यावर घेऊन पिना लावून पाहिल्या. वाऱ्याने फुगला आणि डोळ्यांवर आला. पुन्हा गंजी.

९ जानेवारी

लायसनच्या परीक्षेची तारीख आली. चंदगडलाच कॅम्प आहे, पण सत्तावीस जानेवारीला, सकाळी! सव्वीसच्या संध्याकाळी राजभवनात उभं राहून सत्तावीसला सकाळी इथं पोचणं कुठल्याच विमानाला जमणारं नाही.

पुढचा कॅम्प महिन्याने. आता मी गेलो की मैदान सुटेल आणि या बायका घरी बसतील. दादासो तेवढ्याचीच वाट बघतोय.

१२ जानेवारी

सांगितलं. संयोगिताला, की सव्वीसला येत नाही. ती म्हणाली, “एवढ्या लोकांत मी एकटी उभी राहू?” आणि मग, “ठीक आहे.”

आमच्या घरात ‘ठीक आहे’चा अर्थ ठीक आहे असा कधीच नसतो. फार वाईट वाटलं. पण इथून निघवत नाही.

१५ जानेवारी

हेल्मेटं आली! यल्लव्वाने घातलं, पट्टा आवळला, आरशात पाहिलं, डोकं इकडून तिकडे फिरवलं. “सर, ह्येच्यात डोस्कं झाकलंच की समदं. आनि वर पदर कशाला?”

थोरल्या दिरांना मुद्दाम चहाला बोलावून वाटेवर उभं केलं. ती त्यांच्यासमोरून गेली. दोन्ही हात मुठीवर, नजर पुढे, गाडी सरळ. दिरांनी मला विचारलं, “कोन पावणं म्हणायचं ह्ये?” सयाजीरावांनी आनंदाने शिट्टी फुंकली. आज मी दोनदा जेवलो.

२६ जानेवारी

सकाळी शाळेत झेंडावंदन. संध्याकाळी, परीक्षेत गाडीने काढायच्या आठच्या आकड्याचा शेवटचा सराव.

तिकडे आता पाहुणे येत असतील. ती पोशाखाच्या रंगावरून लोक ओळखते. कोण कुलगुरू, कोण ब्रिगेडियर, कोण सांगणार तिला? फोन लावला, बंद होता. जेवण गेलं नाही.

२७ जानेवारी

बाराच्या बारा पास! बाराही जणी!

आरटीओचे साहेब आधी गालात हसत होते. तिसरीने आठ काढला तेव्हा गंभीर झाले, आणि शेवटी यल्लव्वा पाय न टेकता फिरून आली तेव्हा स्वतः उठून उभे राहिले. मी ओरडलो, दात नसलेल्या तोंडाने, काय ओरडलो ते कुणालाच कळलं नाही. बायकांनी मला घोळक्यात घेतलं, फुगडी घालायला लावली. सयाजीरावांनीही घातली. प्रोटोकॉल गेला खड्ड्यात.

नव्या गाडीवर यल्लव्वा घरी निघाली. मागे दादासो, मांडीवर तिची औषधांची पिशवी. “हळू घे की.” ती म्हणाली, “गप बसा.” आणि गेली. एवढा आनंद मला माझ्या रिटायरमेंटच्या सत्काराला झाला नव्हता.

२८ जानेवारी

संयोगिताचा फोन. सगळं आधी नीट ऐकलं, बारा जणींची नावंसुद्धा विचारली. मग म्हणाली, “परवा छान झालं हो. तुम्ही नव्हता, म्हणून मी ज्याला त्याला सरळ विचारत गेले, आपलं नाव काय. लोक इतके खुलले! रात्री उशिरापर्यंत गप्पा. एवढी वर्षं तुमचंच ऐकण्यात लक्ष असायचं, समोरच्याचं ऐकायचं राहूनच जायचं.”

आणि फोन ठेवता ठेवता, “यायची घाई करू नका. शाहूवाडीच्या बायका घ्या आता.”

शाहूवाडीला मैदान बघायला उद्या जाईन. आज नुसता बसून आहे.