लिंकनची सही आणि माझी

भिंतीवरचा लिंकन काढून गॅरेजमध्ये टाकला, तो कोणाला विचारून? मिलिंद, तुलाच विचारते. आता बाकीचं.

मी, कांताबाई भगवान रणपिसे, वय ऐंशी, राहणार कॉव्हेंट्री, शिक्षण मराठी दुसरी, पूर्ण शुद्धीत हे लिहून ठेवते. अक्षर विहारातल्या तनयाचं, शब्द माझे. माझा हात कापतो, डोकं नाही.

१. राहतं घर माझ्या पश्चात मुलगी धम्मशीला हिला द्यावं. माझं दुखणंखुपणं तिनेच काढलं. मुलगा मिलिंद म्हणतो, लंडनमधल्या पिनरच्या त्याच्या घरात माझी खोली आहे. मी अजून पाहिलेली नाही.

२. शिलाई मशीन विहाराला. तेल घालत जा.

३. लिंकनचा फोटो मिलिंदला. तो आमच्या मालकांनी पहिल्या पगारात आणून बाबासाहेबांच्या शेजारी लावला. शेजारची गोरी बाई विचारायची, "हे तुमचे सासरे का?" मी म्हणायची, "नाही, सासऱ्यापेक्षा कामाचे."

मिलिंद म्हणतो, "आई, त्याला आधी देश वाचवायचा होता. गुलामांचं नंतर बघितलं." अरे, नंतर का होईना, बघितलं ना! शाळेत जेमतेम वर्षभर गेलेला माणूस, लढाई चालू असतानाही शिकत राहिला. तू शिकून मोकळा झालास. फोटो हॉलमध्ये लावायचा.

४. माझ्या नावाआधी 'कै.' छापू नये. वडिलांच्या वेळी छापलंस. कैलासात आपलं कोणी नाही. 'कालकथित' लिहावं.

५. मिलिंद बहिणीला म्हणाला, "आईची सही बघ कशी थरथरते. तिच्या मनात नव्हतंच, असं सांगेन मी कोर्टात." म्हणून हे कलम. गुलामांच्या सुटकेच्या कागदावर सही करायची, त्या दिवशी लिंकनचा हात नव्या वर्षाच्या पाहुण्यांशी मिळवून मिळवून कापत होता. त्याने लेखणी खाली ठेवली. सही थरथरली तर लोक म्हणतील, हा कचरला. मग सावकाश पूर्ण नाव लिहिलं. माझा हात थांबूनही थांबत नाही. तरी मी पूर्ण नावच लिहिते. अंगठा देणार नाही.

सही: कांताबाई भगवान रणपिसे

साक्षीदार: चंद्रशेखर गजभिये (शेजारी), तनया ओव्हाळ

स्थळ: कॉव्हेंट्री
१ जानेवारी २०२५

ता. क. सही वाकडी का, असं कोणी विचारलं तर वकिलाने बोलू नये, धम्मशीलानेही नाही. उत्तर मिलिंदने द्यायचं. लिंकनच्या सहीची ही गोष्ट शाळेत सांगून त्यानेच बक्षीस आणलं होतं.