आत्याचे अकरा सेकंद

विकास नगर, लखनौ
६ जून १९९५

ती. सुभद्राआत्यास,
गोपीनाथचा सप्रेम जयभीम वि. वि.

भर जूनमध्ये मी स्वेटर घालून कामाला जातो, यावर आमच्या गल्लीत परिसंवाद चाललेत. हजरतगंजच्या एडिटिंगच्या खोलीत एसी आहे, पण तो मशीनसाठी. माणूस आत जातो तो त्याचा नोकर म्हणून. सब्जीवाल्या भैयाने मला मलेरियाचा डॉक्टरही सुचवला. या अन्यायाची दखल निदान तू घे.

आतोबांवरची फिल्म झाली. चारबागच्या रेल्वे कॉलनीत तीस वर्षं लोकांना लिहा-वाचायला शिकवणारा माणूस मी सव्वीस मिनिटांत बसवला. पुढच्या महिन्यात टीव्हीवर दाखवणार. कॅसेट पाठवतोय. तू बोलताना फार थांबतेस; ते सगळं काढून तुला चटपटीत केलंय. आमची पिंकी तुझं कौतुक करते, अर्थात हिंदीतून. पोरीला मराठी फक्त रागावलेलं कळतं.

शाबासकीची वाट पाहणारा,
गोपीनाथ

नागपूर
१९ जून १९९५

चि. गोपीनाथास अनेक आशीर्वाद व जयभीम.

कॅसेट पाहिली. माझ्या राजरत्नने दोनदा लावली. तुमच्या त्या डायरेक्टर रणजितने मला विचारलं होतं, यजमानांनी तुम्हालाही शिकवलं का. मी खूप वेळ गप्प बसले आणि मग म्हटलं, त्यांनी सगळ्यांना शिकवलं. तुझ्या फिल्ममध्ये प्रश्न संपतो न संपतो तोच मी उत्तर देते, जशी काही पाठ करून बसले होते.

अरे, मला नाही शिकवलं त्यांनी. संध्याकाळी बावीस माणसं अक्षरं गिरवायची तेव्हा मी बावीस कप विसळत असायचे. मला शेजारच्या लीलावतीने शिकवलं, दुपारी, भांडी झाल्यावर. माणूस सोन्यासारखा होता. टीव्हीवर मी त्यांची तक्रार करायची नाही. पण खोटंही बोलले नव्हते. गप्प होते तेवढं तरी राहू दे.

स्वेटरच्या आत बनियन घालत जा.

तुझी आत्या

लखनौ
२ जुलै १९९५

ती. आत्यास सप्रेम जयभीम.

लोकांच्या अडखळण्याला कात्री लावून मी वीस वर्षं पोट भरतोय. कुणी तक्रार केली नव्हती. बहुतेकांवरच्या फिल्म ते गेल्यावरच निघतात.

मूळ टेप काढून पाहिली. तू अकरा सेकंद गप्प आहेस. मध्येच पदर सारखा करतेस, रणजितकडे बघतेस आणि किंचित हसतेस. ते हसणं मी तेव्हा पाहिलंच नव्हतं.

ते सगळं परत घातलंय. टेपवर मध्ये काही घुसवलं की पुढचं सगळं नव्याने जोडावं लागतं, त्यात दोन दिवस गेले. रणजितचं म्हणणं, टीव्ही बंद पडला समजून लोक त्याला थपडा मारतील. मारू देत. पण सव्वीस मिनिटांच्या वर एक सेकंद मिळणार नाही, यावर तो अडून बसला. फिल्मच्या शेवटी पडद्यावर संकलक म्हणून माझं एकट्याचं नाव येत होतं. ते मी चांगलं अकरा सेकंद ठेवलं होतं.

आता येत नाही.

लोभ आहे तसाच असू दे.

तुझा,
गोपीनाथ